नाहीशा झालेल्या देशातले बालपण : 'माय पेरेस्त्रोइका' या माहितीपटाविषयी

दूरचित्रवाणीवर सोव्हिएत राष्ट्रगीत लागले की एक लहान मुलगी घरातल्या घरात ताठ उभी राहायची आणि पडद्याला सलाम करायची. तीच मुलगी मोठेपणी मॉस्कोत इतिहासाची शिक्षिका झाली, आणि रॉबिन हेसमन यांच्या 'माय पेरेस्त्रोइका' (२०१०) या माहितीपटात ती त्या सलामाची आठवण सांगते. ज्या गीतासाठी ती उभी राहायची त्या गीताची कहाणीही सांगण्यासारखी आहे. १९४३ मध्ये लिहिलेल्या त्याच्या शब्दांत स्टालिनचे नाव होते. स्टालिनच्या मृत्यूनंतर ते नाव अडचणीचे ठरले तेव्हा शब्दच गाळले गेले आणि वीसएक वर्षे नुसती चाल वाजत राहिली. १९७७ मध्ये स्टालिनला वगळून शब्द परत आले. १९९१ मध्ये देश संपला आणि गीतही मागे पडले. पुढे २००० च्या डिसेंबरमध्ये तीच चाल रशियाचे राष्ट्रगीत म्हणून पुन्हा स्वीकारली गेली, आणि तिच्यावर नवे शब्द लिहिले ते सेर्गेई मिखाल्कोव यांनीच, जे १९४३ च्या शब्दांचेही एक लेखक होते. पायाखालचा देश असा पुन्हापुन्हा बदलत असताना मोठे होणे म्हणजे काय असते, हे मी पुष्कळ वाचले होते. ते मला उमजले मात्र या दीड तासाच्या चित्रपटामुळे. म्हणून त्याविषयी थोडे सविस्तर लिहावेसे वाटले.

हेसमन या अमेरिकी दिग्दर्शिका. मॉस्कोच्या सुप्रसिद्ध चित्रपटशिक्षण संस्थेत, म्हणजे व्हीजीआयकेमध्ये, त्यांचे शिक्षण झाले आणि १९९० च्या दशकातील बराच काळ त्यांनी रशियात काढला. या काळात मुलांसाठीच्या 'सेसमी स्ट्रीट' या कार्यक्रमाच्या रशियन आवृत्तीच्या निर्मितीत त्या होत्या. हा तपशील मी मुद्दाम नोंदवतो, कारण परक्या देशातून कॅमेरा घेऊन आलेला माणूस आणि त्या देशाची भाषा बोलत तिथे राहिलेला माणूस यांच्यापुढे लोक सारखे मोकळे होत नाहीत. या चित्रपटातील माणसे जेवणाच्या टेबलाशी बसून जितक्या सहजतेने बोलतात, तितकी सहजता दोन आठवड्यांच्या चित्रीकरणात मिळत नसते. चित्रीकरणही हेसमन यांनी स्वतःच केले आहे, त्यामुळे त्या लहानशा घरांत कॅमेऱ्याची गर्दी कुठेही जाणवत नाही.

चित्रपटात पाच माणसे आहेत, लहानपणचे वर्गसोबती, आता चाळिशीच्या आसपास पोहोचलेले. एक दांपत्य शाळेत इतिहास शिकवते. एक जण एके काळी गाजलेल्या पंक रॉक गटात वाजवणारा संगीतकार आहे. एक जण पुरुषांचे महागडे फ्रेंच शर्ट विकतो आणि त्याचे सतरावे दुकान नुकतेच उघडले आहे. वर्गातली सर्वांत सुंदर मुलगी म्हणून जिची आठवण सगळ्यांना आहे, ती एकटीने मुलाला वाढवते आणि मॉस्कोतल्या बार व क्लबांना बिलियर्डची टेबले भाड्याने देणाऱ्या कंपनीत काम करते. निवेदक नाही, तज्ज्ञ नाही, गळ्यात टाय बांधून पुस्तकांच्या कपाटासमोर बसलेला इतिहासकार नाही. सारा इतिहास याच पाच जणांच्या तोंडून येतो, आणि त्यांच्या आठवणी एकमेकींशी जुळत नाहीत तेव्हा कोण बरोबर हे ठरवायला कोणी मध्ये पडत नाही.

त्यांच्या जन्माचा काळ समजून घेतला तर चित्रपट अधिक खोलवर पोहोचतो. १९७० च्या आसपास जन्मलेले सोव्हिएत मूल सातव्या वर्षी शाळेत जाई आणि लवकरच 'ऑक्टोबरची मुले' म्हणवणाऱ्या गटात दाखल होई. छातीवर लाल तारा, ताऱ्याच्या मध्यभागी कुरळ्या केसांचा बाळ लेनिन. नवव्या-दहाव्या वर्षी ते पायोनियर, म्हणजे त्यापुढच्या बालसंघटनेचे सदस्य, होई आणि गळ्यात लाल रुमाल येई. चौदाव्या वर्षापासून कोम्सोमोलची, म्हणजे कम्युनिस्ट पक्षाच्या युवक संघटनेची, दारे उघडत. पायऱ्या ठरलेल्या होत्या आणि पुढचे सारे आयुष्य याच जिन्यावरून वर जाणार, याविषयी कुणाला शंका नव्हती. या पिढीचे मूल बारा वर्षांचे असताना, नोव्हेंबर १९८२ मध्ये, ब्रेझनेव्ह गेले. फेब्रुवारी १९८४ मध्ये आंद्रोपोव्ह गेले, मार्च १९८५ मध्ये चेर्नेन्को. अडीच वर्षांच्या आत तीन सर्वोच्च नेत्यांच्या अंत्ययात्रा पाहून झाल्यावर चोपन्न वर्षांचे गोर्बाचेव्ह आले, आणि त्यांच्या सुधारणांचे नाव असलेला 'पेरेस्त्रोइका' हा शब्द रोजच्या बोलण्यात शिरला. रशियनमध्ये या शब्दाचा साधा अर्थ पुनर्बांधणी, एखादी इमारत पाडून किंवा बदलून नव्याने उभी करणे. राजकारणातला हा शब्द 'माझी' या सर्वनामाला जोडून हेसमन यांनी आपला दृष्टिकोन शीर्षकातच सांगून टाकला आहे : घर राज्याने पाडले, बांधून घेण्याचे काम मात्र प्रत्येकाला आपापले करावे लागले.

चित्रपटाचे खरे वैभव त्यातील घरगुती चित्रफितींत आहे. शिक्षक दांपत्यातील पतीच्या वडिलांनी आणि इतरांनी आठ मिलिमीटरच्या फिल्मवर टिपलेली ही दृश्ये सत्तरच्या आणि ऐंशीच्या दशकांतील आहेत. बर्फात लोळणारी मुले, उन्हाळ्यातली भटकंती, कॅमेऱ्याकडे पाहून वेडीवाकडी तोंडे करणारे मित्र, किंचित थरथरणारी आणि रंग उडालेली चित्रे. त्यांच्याच शेजारी हेसमन सरकारी प्रचारपट ठेवतात, ज्यांत त्याच वयाची मुले ओळीत उभी राहून एका सुरात शपथ घेतात आणि हसायचे तेव्हाच हसतात. या दोहोंतले अंतर दाखवण्यासाठी एकाही वाक्याची टिप्पणी केलेली नाही, आणि करण्याची गरजही पडत नाही. एवढेच म्हणतो की, यांतली एक चित्रफीत खोटी आणि दुसरी खरी असा निवाडाही चित्रपट देत नाही. ओळीत उभे राहणारे मूल आणि बर्फात लोळणारे मूल एकच होते, आणि दोन्ही वेळा ते मनापासून तसे होते.

मराठी वाचकांपैकी एका पिढीला ही मुले ओळखीची वाटतील. मॉस्कोच्या रादुगा आणि प्रगती प्रकाशनाची जाड, गुळगुळीत पानांची, सुरेख चित्रांची मराठी पुस्तके ज्यांच्या हाती लहानपणी आली, त्यांनी लाल रुमालवाल्या मुलांच्या गोष्टी वाचलेल्या असतात आणि त्या गोष्टींतला बर्फ, गरम चहा आणि आगगाडीचा लांबचा प्रवास त्यांच्या मनात घर करून राहिलेला असतो. त्या पुस्तकांतली मुले पुढे मोठी झाली, त्यांचे देशासकट सगळे बदलले, आणि त्यांना आता घराचा खर्च, मुलांची शाळा आणि वाढते वय यांची चिंता आहे, हे पाहताना मला एखाद्या जुन्या स्नेह्याची बऱ्याच वर्षांनी खबर लागावी तसे वाटले.

हा चित्रपट मला महत्त्वाचा वाटतो तो एका धाडसासाठी. आपले बालपण सुखाचे होते, असे ही माणसे स्पष्ट सांगतात. ज्या राज्याने कोट्यवधींना छळछावण्यांत पाठवले, ज्याने पुस्तके, माणसे आणि बातम्या दडवल्या, त्या राज्याच्या सावलीत आपण आनंदात वाढलो, हे सांगणे सोपे नाही. सांगणाऱ्याला लगेच दोन गटांपैकी एकात ढकलले जाते : एक तर तो जुन्या राजवटीचा समर्थक ठरतो, नाही तर फसवला गेलेला भाबडा. हेसमन यांची माणसे दोन्ही नाकारतात. आपल्याला काय माहीत नव्हते हे त्यांना आता नेमके माहीत आहे, आणि तरीही त्या अज्ञानातला आनंद ती परत द्यायला तयार नाहीत. सलाम करणारी मुलगी आपल्या सलामाविषयी बोलताना त्या लहान मुलीची टिंगल करत नाही. तिचा पती शाळेतच नियमांना बगल देण्याच्या वाटा शोधणारा होता. आपण तेव्हाच शहाणे होतो असा तोराही तो मिरवत नाही. मोठ्या उलथापालथीनंतर लोक स्वतःचा भूतकाळ एक तर सजवतात किंवा जाळतात, आणि मराठीतही अशा आत्मकथनांची वानवा नाही. भूतकाळ आहे तसा टेबलावर मांडून त्याच्याकडे पाहत बसणे फार थोड्यांना जमते.

मुख्य पात्रांतील दोघे इतिहासाचे शिक्षक असणे ही या चित्रपटाला लाभलेली मोठीच जमेची बाजू आहे. सोव्हिएत संघात १९८८ च्या वसंतात शाळांमधील इतिहासाच्या अंतिम परीक्षा रद्द कराव्या लागल्या होत्या, कारण ग्लासनोस्तमुळे, म्हणजे गोर्बाचेव्ह यांच्या मोकळेपणाच्या धोरणामुळे, वृत्तपत्रांतून रोज जे छापून येत होते त्याच्यापुढे पाठ्यपुस्तके उघडउघड खोटी ठरली होती. जे पाठ केले ते खरे नाही, आणि खरे काय ते अजून छापलेले नाही, अशा अवस्थेत एका अख्ख्या देशाची मुले त्या वर्षी उभी होती. त्याच पिढीतली दोन माणसे पुढे इतिहासच शिकवायला घेतात, याहून अर्थपूर्ण निवड कोणती असू शकेल? वर्गात त्यांच्यासमोर बसलेल्या मुलांना पायोनियर ही गोष्ट प्राचीन राजघराण्यांइतकीच दूरची वाटते, आणि स्वतःचे बालपण अभ्यासक्रमातला एक धडा झाल्याचे पाहण्याची वेळ या शिक्षकांवर येते. या दृश्यांत चित्रपट सर्वांत अधिक रमतो, आणि योग्यच करतो.

१९९१ च्या ऑगस्टमधील तीन दिवसही चित्रपटात आहेत. १९ ऑगस्टच्या सकाळी गोर्बाचेव्ह आजारी असल्याचे सांगून एका समितीने सत्ता हाती घेतली, रस्त्यांवर रणगाडे आले, आणि दूरचित्रवाणीवर बातम्यांच्या मधल्या वेळात 'स्वान लेक' हे बॅले नृत्यनाट्य दाखवले जाऊ लागले. नेत्यांच्या मृत्यूच्या वेळी असेच गंभीर संगीत लागत असल्याने, पडद्यावर बॅले दिसले की काहीतरी मोठे घडले आहे हे सोव्हिएत प्रेक्षक न सांगता ओळखत असे. हजारो लोक संसद भवनाभोवती जमले, २० आणि २१ ऑगस्टच्या दरम्यानच्या रात्री तीन तरुण मृत्युमुखी पडले, आणि बंड फसले. त्या गर्दीत या पिढीची वीस-एकवीस वर्षांची मुले मोठ्या संख्येने होती. आता मागे वळून पाहताना त्या दिवसांविषयी बोलण्यात जो उजेड येतो, तो चित्रपटात इतरत्र क्वचितच दिसतो. आपल्या उभे राहण्याने काही घडू शकते, असे त्यांना आयुष्यात एकदा वाटले होते, आणि ते खोटे नव्हते.

चित्रपटाचा उणेपणा इथूनच सुरू होतो. २ जानेवारी १९९२ रोजी बहुतेक वस्तूंच्या किमतींवरील सरकारी नियंत्रण उठले आणि त्या एका वर्षात किमती पंचवीसपटींहून अधिक वाढल्या. आयुष्यभराची बचत काही महिन्यांत निरुपयोगी झाली. त्याच वर्षी प्रत्येक नागरिकाला दहा हजार रूबल दर्शनी किमतीचे खासगीकरणाचे व्हाउचर, म्हणजे सरकारी उद्योगांतील समभाग घेण्यासाठीचे प्रमाणपत्र, वाटण्यात आले आणि अनेकांनी ते मिळेल त्या भावाने विकून टाकले. १९९३ च्या ऑक्टोबरमध्ये, दोन वर्षांपूर्वी लोकांनी ज्या इमारतीचे रक्षण केले होते तिच्यावरच रशियाचे अध्यक्ष येल्त्सिन यांच्या आदेशाने रणगाड्यांनी तोफा डागल्या. १९९८ च्या ऑगस्टमध्ये सरकारने कर्जफेड थांबवली आणि रूबल कोसळला. नव्वदचे दशक या पाच जणांच्या विशीत आले. घर, नोकरी, लग्न, मूल हे सारे त्यांनी याच वादळात उभे केले. असे असूनही बालपणाला जितका निवांत वेळ मिळतो तितका या दशकाला मिळत नाही. शर्ट विकणाऱ्या माणसाची सतरा दुकाने कशी उभी राहिली, पहिल्या दुकानासाठी भांडवल कुठून आले, भीती कोणाची वाटत होती, हे प्रश्न मला पाहताना सतत पडत राहिले. घरगुती चित्रफितींचा मोह हे याचे कारण असावे असे मला वाटते; मायेने जपलेल्या दृश्यांपुढे ओबडधोबड दशक मागे पडणे स्वाभाविक आहे. स्वाभाविक असले तरी त्याने चित्रपटाचा तोल थोडा बिघडतो.

दुसरी मर्यादा भूगोलाची. सोव्हिएत संघात पंधरा प्रजासत्ताके होती, आणि त्याच वर्षांत जॉर्जिया, अझरबैजान, लिथुआनिया किंवा ताजिकिस्तानमध्ये मोठ्या झालेल्या मुलांसाठी पेरेस्त्रोइकाचा अर्थ रस्त्यावरचे रक्त, परागंदा होणे किंवा स्वातंत्र्य असा होता. रशियातल्याच एखाद्या एकाच कारखान्यावर जगणाऱ्या गावातील मुलाची कहाणीही फार वेगळी झाली असती. मॉस्कोतल्या, पुस्तके असलेल्या घरांतल्या पाच जणांवर एका देशाचे चित्र उभे करता येत नाही. दिग्दर्शिकेने तसा दावा केलेला नाही, हे खरे. शीर्षकातले 'माझी' इथेही तिच्या मदतीला येते. तरी हा एकच चित्रपट पाहून कोणी सोव्हिएत बालपणाविषयी मत बनवू नये, असे मी सुचवेन.

संगीतकाराची कथा मला सर्वांत चटका लावून गेली. जुन्या राजवटीच्या ढोंगावर ज्याने तारुण्यात गाण्यातून संताप काढला, त्याला नव्या बाजारी जगाचेही तितकेच वावडे आहे. एकाशी भांडलेला माणूस दुसऱ्याच्या पंगतीला जाऊन बसलेला नाही, आणि त्याची किंमत तो मोजतो आहे. बिलियर्डच्या टेबलांच्या कंपनीत काम करणारी स्त्री सर्वांत कमी बोलते असे प्रथम पाहताना वाटले होते. दुसऱ्यांदा पाहिले तेव्हा लक्षात आले की ती राजकारणाविषयी कमी बोलते, आणि जे बोलते ते जवळजवळ सगळे घरखर्च, मूल आणि दिवस कसा जातो याविषयी असते. उलथापालथीचा सर्वांत विश्वासार्ह हिशेब बहुधा याच भाषेत ठेवला जातो.

चित्रीकरणाच्या काळातच मार्च २००८ ची अध्यक्षीय निवडणूक आली. सलग दोन कार्यकाळ झालेले पुतिन बाजूला झाले, मेदवेदेव निवडून आले, आणि पुतिन पंतप्रधान झाले. निकाल काय लागणार हे सगळ्यांना ठाऊक असलेल्या या निवडणुकीच्या दृश्यांत एक थकलेली शांतता आहे. ज्यांनी सतरा वर्षांपूर्वी ऑगस्टची ती रात्र पाहिली, त्यांच्या चेहऱ्यावर ती अधिकच दिसते. शिक्षक दांपत्याचा शाळकरी मुलगा याच घरात वावरत असतो. सोव्हिएत संघ त्याने पाहिलेला नाही. त्याचे वडील लहानपणी ज्या सदनिकेत वाढले तिथेच तोही वाढतो आहे. त्याच भिंती, आणि बाहेर दुसराच देश.

चित्रपट २०१० मध्ये अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवात प्रथम दाखवला गेला, त्याला आता बराच काळ लोटला आहे, आणि या काळाने त्याला एक नवा अर्थ दिला आहे. २००७ मध्येच रशियन शिक्षकांसाठी निघालेल्या एका मार्गदर्शक पुस्तकात स्टालिनला सोव्हिएत संघाच्या सर्वांत यशस्वी नेत्यांपैकी एक म्हटले गेले होते. डिसेंबर २०२१ मध्ये, सोव्हिएत दडपशाहीच्या नोंदी जपणारी 'मेमोरियल' ही संस्था न्यायालयीन आदेशाने बरखास्त करण्यात आली. फेब्रुवारी २०२२ मध्ये युक्रेनवर पूर्ण आक्रमण झाले. त्याच वर्षीच्या सप्टेंबरपासून शाळांत दर सोमवारी 'महत्त्वाच्या गोष्टींविषयी संवाद' या नावाचा तास सुरू झाला. आणि सप्टेंबर २०२३ पासून वरच्या वर्गांत इतिहासाचे एकच अधिकृत पाठ्यपुस्तक लागू झाले, ज्यात त्या युद्धाचे समर्थन आहे. १९८८ मध्ये परीक्षा रद्द झालेल्या पिढीतले शिक्षक अजून निवृत्त झालेले नाहीत. चित्रपटात हसत, वाद घालत, आपल्याच शिक्षणाची चिकित्सा करत वर्गात जाणारे हे दोघे पाहताना ही सारी पुढची वर्षे प्रेक्षकाच्या मनात आपोआप जमा होतात, आणि २०१० मध्ये जे दृश्य केवळ प्रसन्न वाटले असेल ते आज फार मोलाचे वाटते.

पाहणाऱ्यांसाठी दोन व्यावहारिक गोष्टी सांगतो. संवाद रशियनमध्ये आहेत आणि उपशीर्षके इंग्रजीत. बोलणे भरभर आणि एकमेकांना तोडत चालते, त्यामुळे एकट्याने, थांबत थांबत पाहिल्यास अधिक हाती लागते. तारखांची जंत्री चित्रपट देत नाही, म्हणून १९८५ ते १९९३ या काळाची ढोबळ ओळख आधी करून घेतलेली बरी. ज्यांना रणगाडे, भाषणे आणि कोसळणारे पुतळे पाहायचे असतील त्यांच्यासाठी दुसरे अनेक माहितीपट आहेत.

इथे पुष्कळसे घडते ते स्वयंपाकघरात. पन्नासच्या दशकाच्या अखेरीपासून सोव्हिएत शहरांत सामायिक सदनिकांमधून कुटुंबे स्वतंत्र घरांत जाऊ लागली, आणि शेजाऱ्याच्या कानांपासून प्रथमच सुरक्षित असलेली ती छोटीशी खोली मोकळ्या बोलण्याची जागा बनली. बाहेर जे म्हणता येत नसे ते तिथे, दार लावून, चहाच्या पेल्यावर बोलले जाई. या चित्रपटातही त्या खोलीतले टेबल लहान आहे, सिगारेटचा धूर आहे, पती वाक्य सुरू करतो आणि पत्नी ते तिसरीकडेच नेते, आणि मुलगा मधूनच डोकावून काहीतरी मागतो. हेसमन यांचा कॅमेरा त्या टेबलाच्या कडेला शांतपणे बसून राहतो, आणि बोलणारे त्याला विसरून जातात.